गीत तेच, गळा बदलला!

११ जून १९८८. लंडनचे वेम्ब्ली स्टेडियम. तुरुंगात खितपत पडलेल्या नेल्सन मंडेलांच्या सत्तराव्या वाढदिवसाचा सोहळा. स्टीव्ही वंडर यांच्या वाद्यांचा खोळंबा झाला आणि ट्रेसी चॅपमन ही कृष्णवर्णीय तरुणी एकटी गिटार घेऊन पुन्हा मंचावर आली. तिने ‘फास्ट कार’ गायले. दारिद्र्य, दारुडा बाप, सुटलेली शाळा आणि या नरकातून बाहेर पडण्याची आस! हे गीत अमेरिकेच्या लोकप्रिय गीतांच्या यादीत सहाव्या क्रमांकावर गेले. १९८९ मध्ये ग्रॅमीही मिळाले.

पण कंट्री संगीताच्या गडाचे दार उघडायला पस्तीस वर्षे लागली. २०२३ मध्ये ल्यूक कोम्ब्स या गोऱ्या गायकाने तेच गीत गायले आणि कंट्री म्युझिक असोसिएशनचा ‘साँग ऑफ द इयर’ पुरस्कार चॅपमन यांना मिळाला. हा मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय गीतकार!

ते गीत मुळात कंट्री नव्हतेच, असे सांगितले जाईल. मग गोऱ्या गळ्यातून येताच ते कंट्री कसे झाले?

कोम्ब्स यांच्यावर आमचा रोष नाही. त्यांनी मूळ गीताचा मान राखला; फेब्रुवारी २०२४ मध्ये ग्रॅमीच्या मंचावर ते चॅपमन यांच्यासोबत गायले. आमचा सवाल प्रस्थापितांना आहे.

१९४६ मध्ये बाबासाहेबांनी कृष्णवर्णीय विचारवंत डु बॉइस यांना पत्र लिहिले होते. हे नाते जुने आहे. म्हणून चॅपमन यांच्या सन्मानाचा आम्हाला आनंद आहे. पण दार इतकी वर्षे बंद का होते, हे आम्ही विचारणारच!