पॉपाय आणि दोन 'पालक'



मुलांनी पालकाची भाजी खावी म्हणून पॉपायचं नाव आपण सगळेच घेतो. डबा उघडला, पालक तोंडात टाकला की दंड फुगला! याच पॉपायवर १९८० साली खऱ्या नटांना घेऊन एक चित्रपट निघाला होता. 'फसलेला' अशीच त्याची ओळख आहे. तरीही आपण तो पाहावा, असं माझं स्पष्ट मत आहे.

आधी थोडी माहिती. दिग्दर्शक रॉबर्ट ऑल्टमन. पॉपाय झालाय रॉबिन विल्यम्स आणि ऑलिव्ह झालीय शेली डुव्हाल. चित्रीकरणासाठी माल्टा बेटावर समुद्रकाठी लाकडी घरांचं अख्खं गाव उभारलं. आजही पर्यटक ते बघायला जातात. खर्च सुमारे २ कोटी डॉलर आणि एकट्या अमेरिकेत कमाई जवळजवळ ५ कोटी. म्हणजे पैसे बुडाले नाहीत, पण बऱ्याच समीक्षकांनी नाकं मुरडली.

कारण सोपं आहे. लोकांना कार्टूनमधली मारामारी आणि पालक हवा होता. इथल्या पॉपायला मात्र पालक अजिबात आवडत नाही! शेवटी ब्लूटो जबरदस्तीने कोंबतो तेव्हाच तो पोटात जातो. पटकथाकार ज्यूल्स फायफर स्वतः व्यंगचित्रकार. त्यांनी कार्टूनपेक्षा एल्झी सेगर यांच्या मूळ चित्रकथेचा आधार घेतला. उणिवा आहेतच. पॉपायचं पुटपुटणं अर्धं कळत नाही, मधे गोष्ट रेंगाळते आणि शेवटचा ऑक्टोपस तर अगदीच खोटा वाटतो.

पण गोष्ट काय आहे बघा. हरवलेल्या वडिलांना शोधत आलेल्या पॉपायला एक टाकून दिलेलं बाळ सापडतं, स्वीपी. या बाळाला पुढचं कळतं, शिट्टी वाजवून ते बरोबर उत्तर सांगतं. झालं! मोठी माणसं त्याला थेट घोड्यांच्या शर्यतीवर पैसे लावायला घेऊन जातात. ऑलिव्हच्या घरच्यांनाही त्यात काही गैर वाटत नाही. पॉपाय मात्र भडकतो आणि बाळाला घेऊन घर सोडतो. पुढे ब्लूटो त्याच बाळाला पळवून खजिना शोधायला वापरतो. पेटी उघडल्यावर निघतं काय? पॉपायच्या लहानपणीच्या वस्तू आणि पालकाचे डबे! बापाने जपलेला खजिना तो एवढाच.

आता आपल्याकडे या. एखाद्या मुलाचं पाठांतर चांगलं असलं की आपण त्याला या स्पर्धेतून त्या स्पर्धेत फिरवतो. घरी पाहुणे आले की "म्हणून दाखव बाळा", वर त्याचा व्हिडिओ. शाळेलाही फलकावर नाव हवं असतं. स्पर्धा वाईट नाहीत. पण ती शिट्टी मूल स्वतःच्या आनंदासाठी वाजवतंय की आपल्या पैजेसाठी, हे विचारायला नको का?

शिक्षकांनी सहावी-सातवीच्या वर्गात शर्यतीचा तेवढा भाग जरूर दाखवावा. मग दोनच प्रश्न विचारा: पॉपायला राग का आला? स्वीपीला कुणी काही विचारलं का? उत्तरं मुलांनाच लिहू द्या. पालकसभेत ती वाचून दाखवा.

पालक खाऊन दंड फुगतो की नाही, ते राहू द्या. आपल्या बाजूने उभा राहणारा पालक मिळाला की मूल नक्की बळकट होतं.