मुली हॉलमध्ये, मुलगे मैदानावर

बालभारतीच्या दहावीच्या विज्ञानात 'सजीवांतील जीवनप्रक्रिया' हा धडा आहे. प्रजननसंस्था, पाळीचं चक्र, जुळी मुलं कशी होतात, अगदी सरोगसीसुद्धा, सगळं त्यात आकृत्यांसह दिलं आहे. धडा उत्तम आहे, पण मुलांपुढे येतो पंधराव्या वर्षी. पाळी सहावी-सातवीत येते, काहींना पाचवीतच.

ऐंशीच्या दशकात आमच्या वसईतल्या शाळेत मुलींना एकदा हॉलमध्ये बसवून दारं लावून घेतली. कुठल्याशा कंपनीच्या बाईंनी पॅड दाखवलं. 'वर्गात जाऊन बोलायचं नाही' अशी ताकीदही मिळाली. आमच्या घरी 'कावळा शिवला' की बाजूला बसायचं. वाडीतल्या ख्रिस्ती मैत्रिणीकडे बाजूला बसणं नव्हतं, पण बोलणंही नव्हतं.

मुलगे त्या वेळी मैदानावर होते. त्यांना शिकवलं ते विरार लोकलच्या डब्यात चिकटवलेल्या गुप्तरोगाच्या जाहिरातींनी. झोपेत वीर्य गेलं की तो रोग, हे तिथे वाचून किती पोरं मनातल्या मनात झुरली असतील! हीच भीती घालवायला र. धों. कर्व्यांनी 1927 मध्ये 'समाजस्वास्थ्य' मासिक काढलं. अश्लीलतेचे खटले सोसले. त्यातल्या एकात त्यांचे वकील होते डॉ. आंबेडकर. कर्व्यांच्याच महाराष्ट्रात, ऐंशी वर्षांनी, 2007 साली किशोरवयीन शिक्षणाचा कार्यक्रम शाळांमध्ये थांबवला गेला. मला याचा अजून राग येतो.

मुलींसाठी पुढे बरंच झालं. 2018 च्या अस्मिता योजनेत जिल्हा परिषद शाळांतल्या मुलींना पाच रुपयांत आठ पॅडचं पाकीट मिळू लागलं. तरीही जुलै 2025 मध्ये शेजारच्या ठाणे जिल्ह्यात, शहापूरच्या एका शाळेत, स्वच्छतागृहात रक्ताचे डाग दिसले म्हणून मुलींचे कपडे उतरवून तपासणी झाली. पॅड पोहोचलं, समज पोहोचली नाही. अगदी मोठ्या माणसांपर्यंतही नाही.

म्हणून मला वाटतं, हे पाचवीतच सांगावं, आणि मुलगे-मुली एकाच वर्गात बसलेले असताना. बहिणीला, मैत्रिणीला काय होतं ते मुलग्याला कळलं तर तिच्या स्कर्टवरचा डाग पाहून तो हसणार नाही. आणि आपला आवाज का फुटतो, हेही त्याला विचारता येईल.

माझा भाचा जूनमध्ये पाचवीत जाईल. पालकसभेला मी बहिणीबरोबर जाणार आहे आणि विचारणार आहे: हे कोणत्या तासाला शिकवणार, आणि मुलगे तेव्हा कुठे असतील?