परदेशांतील कलावंत स्त्रिया : मेइको काजी

तुरुंग, खून आणि सूड यांनीं भरलेल्या चित्रपटांचें नांव निघालें कीं, सुशिक्षित घरांतील वडील मंडळींच्या कपाळास आठी पडते. आणि ती सर्वस्वीं अनाठायीं असते असेंहि म्हणवत नाहीं. तथापि अशा हलक्या मानलेल्या चित्रपटांत राहूनहि कलेचा आब राखणाऱ्या एका जपानी नटीचा परिचय या वेळीं वाचकांस करून द्यावयाचा आहे.

मेइको काजी यांचा जन्म १९४७ सालीं तोकिओ येथें झाला. मूळचें नांव मासाको ओता. १९६५ सालीं त्या निक्कात्सु या चित्रसंस्थेंत आल्या. १९६९ मध्यें दिग्दर्शक मासाहिरो माकिनो यांनीं त्यांना नवें नांव दिलें, आणि पुढील वर्षीं सुरू झालेल्या ‘स्ट्रे कॅट रॉक’ या चित्रमालेनें तें लोकांच्या तोंडीं बसलें. परंतु दूरचित्रवाणीमुळें प्रेक्षक ओसरले, तेव्हां १९७१ मध्यें संस्थेनें कामोत्तेजक चित्रपट काढण्याचें धोरण पत्करलें. काजीबाईंनीं जम बसलेली जागा सोडली आणि तोएई संस्थेची वाट धरली.

तेथें १९७२ सालीं ‘सासोरी’, म्हणजे ‘विंचू’, या स्त्री-कैद्याची भूमिका पुढें आली. प्रियकर पोलिसानें दगा दिल्यामुळें तुरुंगांत पडलेली ही नायिका मूळ चित्रकथेंत मोठी शिवराळ आहे. काजीबाईंनीं अट घातली कीं, आपली नायिका शिव्या देणार नाहीं. ती जवळजवळ बोलणारच नाहीं. दिग्दर्शक शुन्या इतो यांनीं तें मानलें. बोलून टाकलेल्या रागाची वाफ होते. आवरलेला राग मात्र पाहणाऱ्याच्या मनांत घर करतो. त्या जळत्या नजरेवर १९७३ अखेरपर्यंत चार चित्रपट उभे राहिले. त्यांत विटंबनेचीं व रक्तपाताचीं दृश्यें पुष्कळ आहेत, तीं मुलांनीं पाहण्याजोगीं नाहींत, हेंहि येथें सांगितलें पाहिजे.

१९७३ सालच्या ‘शुरायुकिहिमे’ या चित्रपटांत, आईच्या सुडासाठींच तुरुंगांत जन्मास आलेली कन्या त्यांनीं रंगविली. या चित्रपटांचीं शीर्षकगीतेंहि त्यांनींच गाइलीं. पुढें अमेरिकन दिग्दर्शक टॅरँटिनो यांनीं तीं ‘किल बिल’मध्यें योजिलीं.

परंतु सुडाची नायिका एवढ्यावरच त्या थांबल्या नाहींत. १९७८ सालीं चिकामात्सु यांच्या १७०३ मधील बाहुली-नाट्यावर आधारलेल्या ‘सोनेझाकी शिंजू’ या चित्रपटांतील प्रेमिकेनें त्यांस उत्कृष्ट अभिनेत्रीचे बहुमान मिळवून दिले. १९८९ पासून २०१६ पर्यंत ‘ओनिहेइ हांकाचो’ या दूरचित्रवाणी-मालिकेंतील ओमासा घरोघरीं परिचित झाली.

कलावंतास काम निवडण्याची मुभा नेहमींच असते असें नाहीं. पण मिळालेल्या कामांत काय करावयाचें नाहीं, हें ठरविणें पुष्कळदा आपल्या हातीं असतें. काजीबाईंनीं तेवढें हातचें जाऊं दिलें नाहीं.