आयर्लंड 'कॅथलिक राष्ट्र' म्हणून स्वतंत्र झाले काय?

आयर्लंडविषयी आपल्या समाजात एक जिव्हाळ्याची समजूत रूढ आहे. संत पॅट्रिक यांचा तो देश. शतकानुशतके छळ सोसूनही ज्याने श्रद्धा सोडली नाही असा देश. आणि अखेर त्या श्रद्धेच्या बळावर प्रॉटेस्टंट इंग्लंडचे जोखड झुगारून 'कॅथलिक राष्ट्र' म्हणून उभा राहिलेला देश. या समजुतीचा पूर्वार्ध खरा आहे. उत्तरार्ध मात्र इतिहासाच्या कसोटीवर टिकत नाही, आणि तो तसाच उगाळत राहिल्याने ख्रिस्तसभेचा गौरव होत नाही, हानीच होते. प्रस्तुत लेखाचा हेतू ही गोष्ट स्पष्टपणे मांडण्याचा आहे. काहींना ती रुचणार नाही, याची जाणीव ठेवूनच ती मांडीत आहे.

प्रथम, जे खरे आहे ते मान्य करू. १६९५ पासून जे दंडक कायदे आयर्लंडमध्ये लागू झाले, त्यांनी कॅथलिकांना मताधिकार, सरकारी पदे, शिक्षण आणि जमिनीची मुक्त खरेदी यांपासून वंचित केले. लोकसंख्येचा बहुतांश भाग कॅथलिक असूनही जमिनीचा अगदी थोडा हिस्सा त्यांच्या हाती उरला. धर्मगुरूंनी रानातील शिळांवर मिस्सा अर्पण केल्या. म्हणूनच १८२३ मध्ये डॅनियल ओकॉनेल यांनी कॅथलिक असोसिएशन स्थापन केली आणि पुढल्या वर्षापासून देवळाच्या दारात महिन्याला एक पेनी वर्गणी गोळा होऊ लागली, तेव्हा युरोपातील पहिल्या मोठ्या लोकचळवळींपैकी एक उभी राहिली. १८२९ मध्ये कॅथलिकांना पार्लमेंटचे दार उघडले. श्रद्धेने दीनदुबळ्यांना ताठ कणा दिला, हे निर्विवाद आहे. परंतु हेच ओकॉनेल ज्यूंच्या हक्कांसाठी आणि अमेरिकेतील गुलामांच्या मुक्तीसाठीही तितक्याच तळमळीने झगडत होते, हे आपण सांगत नाही. स्वधर्मीयांसाठी मागितलेले स्वातंत्र्य परधर्मीयांना नाकारता येत नाही, हे त्यांना पक्के ठाऊक होते.

आता दुसरी बाजू पाहू. आयरिश राष्ट्रवादाचे जनक म्हणून ज्यांना मान दिला जातो, त्या वुल्फ टोन यांचा जन्म प्रॉटेस्टंट घरातला. १७९१ मध्ये बेलफास्टला युनायटेड आयरिशमन ही संघटना निघाली, तिचे आद्य सभासद बहुतेक प्रेस्बिटेरियन. १८०३ चे बंड करून फाशी गेलेले रॉबर्ट एमेट प्रॉटेस्टंट. यंग आयर्लंड चळवळीचे थॉमस डेव्हिस प्रॉटेस्टंट. १८७० मध्ये होमरूलची मागणी संघटित करणारे आयझॅक बट प्रॉटेस्टंट. त्या मागणीला देशव्यापी पक्षाचे सामर्थ्य देणारे चार्ल्स स्ट्युअर्ट पार्नेल हे तर प्रॉटेस्टंट जमीनदार. आयरिश भाषेच्या पुनरुज्जीवनासाठी १८९३ मध्ये गेलिक लीगचे अध्यक्षपद स्वीकारणारे आणि १९३८ मध्ये देशाचे पहिले राष्ट्राध्यक्ष झालेले डग्लस हाइड यांचे वडील अँग्लिकन धर्मगुरू होते. ही नामावली वगळून जो आयरिश राष्ट्रवादाचा इतिहास सांगतो, तो इतिहास सांगत नाही, दंतकथा सांगतो.

आणि या राष्ट्रवादाशी ख्रिस्तसभेच्या वरिष्ठांचे नाते कसे होते? फेनियन क्रांतिकारकांचा डब्लिनच्या कार्डिनल कलन यांनी कडवा विरोध केला. १८७० मध्ये रोमने त्यांचा नाव घेऊन निषेध केला. १८८८ मध्ये कुळांच्या खंडबंदी चळवळीला आणि बहिष्काराच्या हत्याराला रोमने निषिद्ध ठरविले, तेव्हा आयरिश कॅथलिक खासदारांनी आदरपूर्वक पण ठामपणे सांगितले की, राजकारणातील निर्णय आमचे आम्ही घेऊ. ही माणसे पाखंडी नव्हती. दर रविवारी मिस्सेला जाणारी होती. श्रद्धेतील आज्ञाधारकता आणि नागरिकाची विवेकबुद्धी यांतील सीमारेषा त्यांनी ओळखली होती.

ती सीमारेषा पुसली गेली की काय होते, हे पार्नेल प्रकरणाने दाखविले. नोव्हेंबर १८९० मध्ये घटस्फोटाच्या खटल्यात पार्नेल यांचे नाव आले. पहिला गदारोळ इंग्लंडमधील प्रॉटेस्टंटांनीच केला आणि ग्लॅडस्टन यांनी हात आखडता घेतला. त्यानंतर आयरिश बिशपांनी पार्नेल यांना नेतृत्वास अपात्र ठरविले. नैतिक प्रश्नावर बोलण्याचा त्यांचा अधिकार कोणी नाकारणार नाही. परंतु पुढे व्यासपीठ आणि मतपेटी यांतील अंतरच उरले नाही. १८९२ च्या निवडणुकीत मीथ परगण्यातील दोन्ही मतदारसंघांचे निकाल धर्मगुरूंच्या अवाजवी दडपणाच्या कारणावरून न्यायालयाने रद्द केले. पक्ष दुभंगला तो १९०० पर्यंत. पार्नेल १८९१ मध्येच निवर्तले होते. आयर्लंडच्या लेखकांच्या आणि सुशिक्षितांच्या एका पिढीच्या मनात ख्रिस्तसभेविषयी जी कटुता साठली, तिचे मूळ या काळात आहे.

उत्तरेकडील प्रॉटेस्टंटांची भीतीही याच मातीत पोसली गेली. 'होमरूल म्हणजे रोमरूल' ही त्यांची घोषणा. सप्टेंबर १९१२ मध्ये अल्स्टरच्या प्रतिज्ञापत्रांवर पावणेपाच लाखांच्या जवळपास स्त्री-पुरुषांनी सह्या केल्या. ही घोषणा अन्यायकारक आणि पूर्वग्रहदूषित होती, यात शंका नाही. परंतु 'आयर्लंड हे कॅथलिक राष्ट्र आहे' असे अभिमानाने म्हणणारा प्रत्येक वक्ता त्या घोषणेला दुजोराच देत होता. शत्रूचा आरोप आपणच बिरुद म्हणून मिरविल्यावर दोष कोणाला द्यावा?

'सिन फेन' म्हणजे 'आम्ही स्वतः'. हा पक्ष १९०५ मध्ये आर्थर ग्रिफिथ यांनी काढला तेव्हा तो प्रजासत्ताकवादीही नव्हता. ऑस्ट्रिया-हंगेरीच्या धर्तीवर एक राजा व दोन पार्लमेंटे, अशी त्याची मागणी होती. १९१६ च्या ईस्टर सोमवारी डब्लिनमध्ये झालेले बंडही त्या पक्षाने केलेले नव्हते. बंडाच्या पुढाऱ्यांना गोळ्या घालून ब्रिटिशांनी लोकमत पालटविले, आणि १९१८ मध्ये १०५ पैकी ७३ जागा सिन फेनला मिळाल्या. ज्यांचा धुव्वा उडाला तो रेडमंड यांचा होमरूल पक्षही कॅथलिक मतदारांचाच होता. कॅथलिकांनी कॅथलिकांना नाकारले. प्रश्न राजकीय होता.

याचा सर्वांत दारुण पुरावा म्हणजे यादवी युद्ध. ६ डिसेंबर १९२१ च्या तहाने सव्वीस परगण्यांना वसाहतीचा दर्जा दिला. राजनिष्ठेची शपथ मात्र राहिली. आयरिश लोकसभेने तो तह ६४ विरुद्ध ५७ मतांनी स्वीकारला, आणि जून १९२२ मध्ये कालचे सहकारी एकमेकांवर गोळ्या झाडू लागले. दोन्ही बाजूंच्या हातांत जपमाळा होत्या. ऑक्टोबर १९२२ मध्ये बिशपांनी तहविरोधकांना पवित्र संस्कारांपासून वंचित केले. ८ डिसेंबर, निष्कलंक मरियेचा सण. त्या पहाटे नव्या सरकारने चार कैद्यांना खटल्याविना गोळ्या घातल्या. त्यांतील एक रोरी ओकॉनर. ज्या मंत्रिमंडळाने हा निर्णय घेतला त्यात केविन ओहिगिन्स होते, आणि जेमतेम वर्षापूर्वी त्यांच्या विवाहात वराचा साक्षीदार म्हणून उभा राहिला होता तो हाच रोरी ओकॉनर. १९२७ मध्ये मिस्सेला जाताना ओहिगिन्स यांचाही खून झाला. एकच श्रद्धा, एकच वेदी, एकच सण. तरीही रक्त सांडले. समान धर्म हा राष्ट्राच्या एकीचा पाया असतो असे म्हणणाऱ्यांनी या पहाटेचा खुलासा करावा.

आयर्लंडचे दोन प्रमुख पक्ष याच जखमेतून जन्मले. शपथ काढली तर लोकसभेत बसावे की नाही, या वादावरून डी व्हॅलेरा सिन फेनमधून बाहेर पडले आणि १९२६ मध्ये त्यांनी फिआना फॉल स्थापिला. तहवाद्यांचा पक्ष १९३३ मध्ये इतर गटांशी मिळून फिने गेल झाला. पुढे दोहोंतील धोरणाचा भेद परक्याला कळेनासा झाला. आजोबा कोणत्या बाजूने लढले यावरून नातवाचे मत ठरू लागले. एक गोष्ट मात्र त्यांच्या श्रेयाची नोंदविली पाहिजे. १९३२ मध्ये डी व्हॅलेरा निवडून आले, तेव्हा नऊ वर्षांपूर्वी त्यांना हरविणाऱ्यांनी निमूटपणे सत्ता त्यांच्या स्वाधीन केली. लोकशाही तेथे तरली ती या संयमामुळे. हे दोन पक्ष एकाच मंत्रिमंडळात बसण्यास मात्र २०२० साल उजाडावे लागले.

धर्मनिष्ठेच्या बाबतीत दोन्ही पक्षांत चढाओढ होती. १९३७ च्या राज्यघटनेने कॅथलिक ख्रिस्तसभेचे 'विशेष स्थान' मान्य केले. त्याच कलमात इतर पंथांना आणि, हिटलरच्या त्या काळात, ज्यू समाजालाही मान्यता होती, हे डी व्हॅलेरा यांच्या उदारतेचे लक्षण. तरीही ते 'विशेष स्थान' काय करू शकते, हे दिसून आले. १९५१ मध्ये आरोग्यमंत्री नोएल ब्राउन यांनी माता व बालकांना मोफत उपचार देण्याची योजना मांडली; बिशपांनी विरोध केला, मंत्र्यांना राजीनामा द्यावा लागला. गरीब मातेच्या औषधात पाखंड कोठे होते? १९५७ मध्ये वेक्सफर्ड परगण्यातील फेदर्ड या समुद्रकाठच्या गावी, एका मिश्रविवाहातील मुलांच्या शाळेवरून, कॅथलिकांनी प्रॉटेस्टंट शेजाऱ्यांच्या दुकानांवर बहिष्कार घातला. जुलमी जमीनदारांविरुद्ध घडविलेले शस्त्र गावातल्या वाण्यावर चालविले गेले. लोकसभेत त्याचा निषेध केला तो डी व्हॅलेरा यांनी. आणि धर्मसंस्थांच्या बालगृहांत मुलांवर जे अत्याचार झाले, त्यांचा चौकशी अहवाल २००९ मध्ये आला तेव्हा जगाला कळले की, ज्या संस्थेला प्रश्न विचारण्यास राज्य कचरते, तेथे दुर्बलांचा आक्रोश भिंतीआडच राहतो.

उत्तरेत चित्र उलटे होते, रोग तोच. १९३४ मध्ये तेथील पंतप्रधान क्रेग यांनी आपले पार्लमेंट आणि राज्य प्रॉटेस्टंट असल्याची फुशारकी मारली. घरे, नोकऱ्या, मतदारसंघ यांत कॅथलिकांची नाडवणूक झाली. त्यातून पेटलेल्या तीन दशकांच्या संघर्षात सुमारे साडेतीन हजार माणसे मेली. २९ सप्टेंबर १९७९ रोजी द्रोहेडा येथे पोप दुसरे जॉन पॉल यांनी बंदूकधाऱ्यांना गुडघे टेकून विनविले; 'कॅथलिक आयर्लंड'साठी लढतो असे समजणाऱ्यांनी परमगुरूंचेही ऐकले नाही. मार्ग दाखविला तो जॉन ह्यूम यांनी. तरुणपणी काही काळ मेनूथला धर्मगुरूपदाचे शिक्षण घेतलेल्या या शिक्षकाचे म्हणणे साधे होते: दुभंगलेली आहेत ती माणसे, जमीन नव्हे. १९७० मध्ये त्यांच्यासह ज्यांनी सोशल डेमोक्रॅटिक अँड लेबर पार्टी स्थापिली, त्यांत आयव्हन कूपर हे प्रॉटेस्टंटही होते. रिडेम्प्टोरिस्ट धर्मगुरू अ‍ॅलेक रीड यांनी शस्त्रधाऱ्यांशी गुप्तपणे संवाद साधला; त्यांनी झेंडा हाती घेतला नाही, हात मिळविले. १० एप्रिल १९९८ चा गुड फ्रायडे करार त्यातून झाला. दक्षिणेत ९४ टक्के आणि उत्तरेत ७१ टक्के मतदारांनी त्याला कौल दिला.

'हे सारे सांगणे म्हणजे शत्रूच्या हाती कोलीत देणे नव्हे काय?' असे कोणी विचारील. याचे उत्तर आयर्लंडच्या कार्डिनलांनीच दिले आहे. घटनेतील 'विशेष स्थान' गेले तर मी अश्रू ढाळणार नाही, अशा आशयाचे उद्गार कार्डिनल कॉनवे यांनी १९६९ मध्ये काढले, आणि १९७२ मध्ये लोकांनी प्रचंड बहुमताने ते कलम काढून टाकले. तरी जुनी खोड जात नाही. २०२१ च्या जनगणनेत उत्तरेत कॅथलिक पार्श्वभूमीचे लोक ४५.७ टक्के आणि प्रॉटेस्टंट आदी ४३.५ टक्के निघताच काहींना आनंदाच्या उकळ्या फुटल्या. डोकी मोजून राष्ट्र घडते, ही क्रेग यांचीच शिकवण नव्हे काय?

आपल्यासाठी हा विषय दूरचा नाही. आपल्या राज्यघटनेतील मार्गदर्शक तत्त्वांची कल्पना १९३७ च्या आयरिश घटनेवरून घेतलेली आहे. घटनाकारांनी ती तत्त्वे घेतली. कोणत्याही धर्माला 'विशेष स्थान' देणारे कलम मात्र घेतले नाही. या त्यांच्या विवेकाच्या छायेत आपण अल्पसंख्य म्हणून निर्भयपणे नांदतो. राष्ट्र म्हणजे बहुसंख्यांचा धर्म, असे आपल्या देशात कोणी म्हणाले की आपण अस्वस्थ होतो, आणि ते योग्यच आहे. मग तेच सूत्र आयर्लंडच्या नावाने आपण कोणत्या तोंडाने गौरवावे? फिने गेलचे नेते म्हणून २०१७ मध्ये त्या देशाचे पंतप्रधान झालेले लिओ वराडकर यांचे वडील मालवण तालुक्यातील वराड गावचे, हिंदू. आई आयरिश, कॅथलिक. आयर्लंडने त्यांना आपले मानले, तेव्हा संत पॅट्रिक यांचा देश लहान झाला नाही. १७ मार्चला त्या संताचे स्मरण अवश्य करावे. मात्र त्या दिवशीच्या भाषणात टोन, पार्नेल आणि हाइड यांची नावेही यावीत, आणि ८ डिसेंबर १९२२ ची पहाटही.