ब्राह्मी म्हणजे तेल नव्हे



आदिनाथ भगवंतांच्या घरातली चार मुले घ्या. भरत, बाहुबली, ब्राह्मी, सुंदरी. भरताचे नाव देशाला मिळाले, हे आपण दर पंधरा ऑगस्टला पोरांना अभिमानाने सांगतो. बाहुबलींची मूर्ती श्रवणबेळगोळला आहे, आपल्या कुंभोजला आहे, आणि सिनेमा आल्यापासून तर गल्लीतली शेंबडी पोरेही ते नाव घेतात (तो बाहुबली वेगळा, पण जाऊ दे). सुंदरीचे विशेषण झाले. आणि ब्राह्मी? ती केसांच्या तेलाच्या बाटलीवर.

आजचा लेख जरा तिखट होणार आहे. माझी भाची, म्हणजे नणंदेची मुलगी, मोशीला राहते आणि चाकणला एका कारखान्यात क्वालिटीला आहे. दोन महिन्यांपूर्वी तिला मुलगी झाली. सव्वा महिन्याने बाळाला मंदिरात नेले, कानात णमोकार सांगितला. बारसे मात्र अडून बसले आहे. भाचीला आणि जावईबापूंना नाव ठेवायचे आहे ब्राह्मी. बाळाच्या आत्याने ॲपवरून काढले आहे मायरा. कुर्र करायचा मान आत्याचा, त्यामुळे तिच्या शब्दाला वजन. आठ दिवस फॅमिली ग्रुपवर दुसरा विषय नाही. बाळाचे नाव ठेवायला मी कोण? आईची मामी फक्त. पण ब्राह्मी या नावाविरुद्ध तिथे जे जे लिहिले गेले, ते लिहिणाऱ्या सगळ्या पाठशाळेत शिकलेल्या, दशलक्षणात उपवास धरणाऱ्या श्राविका आहेत. आणि हेच आक्षेप मी निगडीत, चिंचवडमध्ये इतर घरांतूनही ऐकले आहेत. म्हणून उत्तर सगळ्यांसाठी. त्या ताई वाचतील हे मला ठाऊक आहे, वाचाव्यात.

पहिला आक्षेप: "तेलाचे नाव आहे, शाळेत पोरे चिडवतील." अगं, तुळस, केतकी, जाई, जुई, शेवंती ही काय झाडांची नावे नाहीत? चमेलीचे तेल नाही? तेव्हा कुणी नाक मुरडत नाही. आणि त्या वनस्पतीला ब्राह्मी का म्हणतात, हे तरी विचारा. आपल्या वैद्यांनी ती स्मरणशक्तीसाठी सांगितली, बुद्धीशी जोडली, म्हणून तिला वाणीचे नाव पडले. ओल्या जागी पसरणारी ती जलब्राह्मी. बाजारात मात्र मंडूकपर्णीही ब्राह्मी म्हणूनच विकली जाते. म्हणजे तेलाच्या बाटलीत नक्की कुठली पाने आहेत याचाही भरवसा नाही, आणि त्या बाटलीपायी आपण मुलीचे नाव सोडायचे.

दुसरा आक्षेप ऐकून मी खरोखर कपाळावर हात मारला. "हे ब्राह्मणांचे नाव वाटते, आपल्यात नको."

आपल्यात नको? आपल्यातच तर आहे. नववे शतक, राष्ट्रकूटांचा काळ. आचार्य जिनसेनांनी आदिपुराण रचायला घेतले. त्यात ऋषभदेव आपल्या दोन्ही लेकींना जवळ घेतात, स्त्रीनेही विद्यावती का व्हावे ते आधी समजावून सांगतात आणि मग त्यांना अक्षरे आणि अंक शिकवतात. मुलांच्या शिक्षणाचे वर्णन त्यानंतर येते. पुन्हा वाचा: त्यानंतर. आधी मुली. आपल्याकडे गोष्ट सांगतात ती अशी, की उजव्या हाताने ब्राह्मीला अक्षरे लिहून दाखवली, ती डावीकडून उजवीकडे गेली. डाव्या हाताने सुंदरीला अंक लिहून दाखवले, म्हणून एकक, दशक, शतक उजवीकडून डावीकडे वाढत जातात. पुढे दोघींनी दीक्षा घेतली आणि ब्राह्मी आर्यिकांची प्रमुख झाली. श्वेतांबर मैत्रिणींच्या घरी ब्राह्मीच्या आईचे नाव सुमंगला, आमच्याकडे यशस्वती. तपशील असे थोडे वेगळे आहेत, पण मुलगी तीच आणि पाटीही तीच. उलट त्यांच्या भगवतीसूत्राच्या आरंभी तर ब्राह्मी लिपीलाच नमस्कार आहे. प्राकृतात तिला बंभी म्हणतात. आगमांत अठरा लिप्यांची यादी येते, तिच्यात पहिली बंभीच.

शब्द जुना आहे आणि सगळ्यांचा आहे, हेही खरे. अमरकोशात वाणीची नावे दिली आहेत, त्यांत पहिले ब्राह्मी. सप्तमातृकांतही एक ब्राह्मी आहे. म्हणजे ज्याला जिथून घ्यायचे त्याने तिथून घ्यावे. पण 'आपले नाही' म्हणून टाकायला मात्र काडीचा आधार नाही.

आता लिपीबद्दल. ग्रुपवरच्या एका भाच्याने लगेच गूगल करून टाकले, "मामी, ब्राह्मी लिपी अशोकाची, प्रिन्सेपने वाचली." बरोबर आहे. अशोकाचे शिलालेख इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकातले आणि जेम्स प्रिन्सेपने १८३७ मध्ये ती अक्षरे उलगडली. पण त्या दगडांवर लिपीचे नाव कुठे लिहिलेले नव्हते. ते नाव विद्वानांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लावले, आणि घेतले जुन्या ग्रंथांतल्या लिप्यांच्या याद्यांवरून. तशी यादी बौद्धांच्या ललितविस्तरात आहे आणि आपल्या आगमांतही आहे. आदिनाथांच्या लेकीने दगडावर अक्षरे कोरली असा पुरावा मी मागत नाही आणि देतही नाही. पुराणाचे पुराणाला, इतिहासाचे इतिहासाला. मला एवढेच दिसते, की आपल्या पूर्वजांना अक्षरांची सुरुवात कुणाच्या हातात द्यावी असा प्रश्न पडला, तेव्हा त्यांनी ती एका मुलीच्या हातात दिली. समोर भरतासारखा चक्रवर्ती मुलगा असताना.

आणि ही ब्राह्मी आपल्या अंगणात आहे गं. मावळात पाले गावाजवळच्या लेण्यात सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचा एक ब्राह्मी लेख आहे. त्याची सुरुवात अरहंतांना नमस्काराने होते. लेणे आणि पाण्याची पोढी करवल्याची त्यात नोंद आहे. डेक्कन कॉलेजचे ह. धी. सांकलिया आणि शोभना गोखले यांनी तो प्रकाशात आणला आणि जैन मानला. तो जैनांचा की बौद्धांचा यावर अभ्यासकांनी खुशाल वाद घालावा. मला त्यात एक मराठी बाई ब्राह्मी वाचते आहे, हे जास्त आवडते. शोभनाताईंचे 'पुराभिलेखविद्या' हे पुस्तक मराठीतच आहे, मिळाले तर घ्या.

दुसरा लेख भाचीच्या रोजच्या रस्त्यावरचा. मोशीहून चाकणला जाणारा तो नाशिक रस्ता, ट्रक आणि कंपन्यांच्या बसमध्ये तुंबलेला. तोच पुढे नारायणगावला जातो, तिथून जुन्नर, तिथून नाणेघाट. घाटातल्या लेण्यात सातवाहनांची राणी नागनिका हिचा मोठा ब्राह्मी लेख आहे. यज्ञांत किती गाई, किती घोडे, किती कार्षापणे दान दिली त्याचे आकडे त्यात कोरले आहेत. आपल्या देशातल्या जुन्यात जुन्या कोरीव आकड्यांत त्यांची गणना होते. यज्ञ आपल्या धर्मातला नाही, पण ब्राह्मीची अक्षरे आणि सुंदरीचे अंक एकाच भिंतीवर, तेही एका बाईच्या लेखात! आणि माझी भाची दिवसभर काय करते? सुट्या भागांवरची अक्षरे आणि आकडे तपासते. एक अंक चुकला तर अख्खी गाडी परत. तिला हे नाव उगाच नाही सुचले.

तिसरा आक्षेप सगळ्यात चिवट, कारण तो उघड कुणी लिहीत नाही, फोनवर कुजबुजतात. "दीक्षा घेतलेल्या बाईचे नाव. मुलीचा संसार होणार नाही."

राजुल नाव आपल्याकडे किती घरांत आहे? राजुलमतीचे तर लग्नच मोडले. वरात दारात आली, नेमिनाथांनी कोंडलेल्या जनावरांचा आक्रोश ऐकला आणि ते रथ फिरवून गिरनारला गेले. तीही मागोमाग दीक्षा घेऊन गेली. तरी आपण राजुल ठेवतो, आणि त्या राजुल नातवंडे खेळवत आहेत. चंदनबाला बाजारात विकली गेली होती. चंदना नाव ठेवताना आपल्याला ते आठवत नाही. महावीरांनी, पार्श्वनाथांनी संसार सोडला म्हणून पारस आणि महावीर नावाच्या मुलांची लग्ने अडली का? वैराग्य मुलाच्या नावात आले की पुण्य, आणि मुलीच्या नावात आले की अपशकुन. हा हिशेब कुठल्या शास्त्रात आहे ते मला कुणीतरी दाखवा. श्रुतपंचमीला आपण ग्रंथ पाटावर मांडून पूजतो, श्वेतांबर घरांत कार्तिकात ज्ञानपंचमी होते. अक्षरांना हळदकुंकू वाहायचे, अक्षरे शिकलेल्या पहिल्या मुलीला अपशकुनी म्हणायचे!

आता मायराविषयी. ॲपवर अर्थ दिला आहे 'प्रिय, प्रशंसनीय'. कुठल्या भाषेत, ते दिलेले नाही. माझ्या मारवाडी मैत्रिणीला नाव सांगितले तर ती हसत सुटली. त्यांच्यात मायरा म्हणजे भाचा-भाचीच्या लग्नात मामाकडून येणारा आहेर, साड्या-दागिन्यांचा. कियाराचेही तसेच. त्या उच्चाराचे इटालियन नाव आहे, त्याचा अर्थ उजळ. आयरिश नाव आहे, त्याचा अर्थ काळी. आणि ॲप सांगते 'संस्कृत'. ज्या मुलींची ही नावे आहेत त्यांच्यावर माझा राग नाही, गोड पोरी आहेत. राग आहे तो पाच सेकंदांत नाव उचलणाऱ्या आपल्यावर. भाजीवाल्याकडे मेथीची जुडी आपण उलटून पालटून, मुळे हुंगून घेतो.

"नावाने काय होते, सोनूबाईच्या हाती कथलाचा वाळा" असे एका काकूंनी लिहिले. काकू, सातारा आपल्यापासून लांब नाही. ऑक्टोबर २०११ मध्ये तिथे २८५ मुलींना सरकारी समारंभात नवी नावे देण्यात आली, कारण त्यांची नावे होती नकुशी, नकुसा. मुलगा हवा असताना आलेल्या, म्हणून नको असलेल्या. नावाने काही होत नसते, तर त्या मुलींनी नवे नाव कशाला घेतले असते? आईबापांनी मनात काय धरले होते ते त्यांना शाळेच्या हजेरीत रोज ऐकावे लागत होते. हजेरीत ब्राह्मी म्हणून हाक आली आणि एखाद्या बाईंनी "म्हणजे काय गं?" विचारले, तर या मुलीला सांगता येईल, माझ्या नावाच्या मुलीला तिच्या बाबांनी सगळ्यांत आधी लिहायला शिकवले.

एक सूचना भाचीलाही. आपल्या मराठी जिभेला ह आणि म ची अदलाबदल करायची खोड आहे. ब्राम्ही नाही, ब्राह्मी. आधी ह, मग म. दाखल्यावर चुकले की पुढे दहावीपर्यंत आणि पासपोर्टपर्यंत निस्तरत बसावे लागते. आणि घाई करू नकोस. जन्माची नोंद एकदा झाली की त्यात बाळाचे नाव घालायला बारा महिने मिळतात, विनाशुल्क. आत्याबाईंना समजवायला तेवढा वेळ पुष्कळ आहे.

आणि हो, हे नाव ठेवणार असाल तर आत्ताच एक ठरवून ठेवा. पंचवीस वर्षांनी लग्नात तांदळाचे ताट समोर येईल आणि जावई अंगठीने त्यात नवे नाव लिहायला घेईल. माझ्या लग्नातही लिहिले होते. तेव्हा ते ताट मांडूच देऊ नका.