काला पत्थरवर दहा मिनिटं

हेलिकॉप्टरने एव्हरेस्ट बघून येणाऱ्यांना ट्रेकर मंडळी जे टोमणे मारतात, त्यांतले निम्मे तरी बिनबुडाचे आहेत. ‘घाम गाळल्याशिवाय हिमालय भेटत नाही’ हा त्यांतला सगळ्यात लाडका. पण हे ऐकवणारा पुण्या-मुंबईचा ट्रेकर स्वतः काठमांडूहून, नाहीतर हंगामात रामेछापच्या मंथलीहून, विमानात बसूनच लुक्लाला उतरलेला असतो. जिरीहून आठवडाभर चालत येण्याची जुनी वाट अजून शाबूत आहे, पण तिकडे फिरकतो कोण? १९६४ साली एडमंड हिलरी यांनी लुक्लाला धावपट्टी करवून घेतली आणि ती वाट हळूहळू ओस पडली. म्हणजे उडण्याला तत्त्वतः कुणाचाच विरोध नाही. वाद आहे तो कुठवर उडायचं आणि कशासाठी, एवढाच.

शिवाय, बेस कॅम्पच्या आधीच्या गोरक्षेप या वस्तीपर्यंत चालून गेल्यावर गुडघे बोलायला लागले की खाली उतरायला हेलिकॉप्टर मागवणारेही ट्रेकरच. २०१८ साली नेपाळ सरकारच्या चौकशीत याचं एक भलतंच रूप बाहेर आलं. जरा डोकं दुखणाऱ्या ट्रेकरला गंभीर आजारी ठरवायचं, हेलिकॉप्टर बोलवायचं, काठमांडूच्या दवाखान्यात दाखल करायचं आणि सगळं बिल परदेशी विमा कंपनीच्या माथी मारायचं, असा धंदाच सुरू होता. तेव्हा या प्रकरणात ट्रेकरांनी नाकाने कांदे सोलू नयेत. कष्टाच्या पुण्याचा मुद्दा मी सरळ निकालात काढतो. तो काढल्यावरही एव्हरेस्टच्या हेलिकॉप्टर सहलीविरुद्ध बोलण्यासारखं पुष्कळ उरतं. तिच्या समर्थकांचे युक्तिवाद हातात घेऊन पाहिले, तर तेही टोमण्यांइतकेच कच्चे निघतात.

सहल असते कशी? सकाळी साडेसहा-सातला काठमांडूच्या त्रिभुवन विमानतळावर प्रत्येकाचं सामानासकट वजन होतं. पाच प्रवासी आणि वैमानिक असं हेलिकॉप्टर निघतं, लुक्लाला इंधन घेतं आणि फेरिचे किंवा गोरक्षेपला उतरतं. पुढे सगळ्यांना एकदम नेता येत नाही. हवा इतकी विरळ असते की पात्यांना तेवढं वजन पेलत नाही. म्हणून दोघा-तिघांना उचलून काला पत्थर या टेकाडावर सोडायचं, त्यांचं झालं की उरलेल्यांना न्यायचं. उंची साधारण साडेपाच हजार मीटर. इंजिन चालूच, पाती फिरतच. दार उघडतं, माणसं वाकून पळत बाजूला होतात, तोंडावर बारीक खडी उडते, फोन निघतात. पाच मिनिटं, फार तर दहा. मग परतताना स्यांगबोचेच्या वर, ३,८८० मीटरवरच्या हॉटेलात नाश्ता, आणि दुपारच्या जेवणाला माणूस काठमांडूत. माणशी खर्च लाख रुपयांच्या आसपास.

या दहा मिनिटांत काय दिसतं? काला पत्थरहून समोर डोळ्यांत भरतो तो नुप्त्से. ७,८६१ मीटरचा, पण जवळ असल्याने सगळ्यात उंच वाटणारा, लखलखीत. एव्हरेस्ट त्याच्या डाव्या खांद्यामागून डोकावणारा काळसर त्रिकोण. जवळजवळ हजार मीटरने उंच असूनही तो मागे असल्यामुळे बुटका दिसतो, आणि वाऱ्याने बर्फ उडून गेल्यामुळे जरासा रुक्षही. नवखा माणूस नुप्त्सेकडे बोट दाखवून फोटो काढतो आणि घरच्या भिंतीवर तो एव्हरेस्ट म्हणून लागतो. यात त्याचा काही दोष नाही. ओळख पटायला आधी भेटी व्हाव्या लागतात. नामचेच्या वरच्या टेकाडावरून ल्होत्सेच्या कड्यामागे शिखराचं टोक पहिल्यांदा दिसतं, तेंगबोचेच्या मठाच्या अंगणातून पुन्हा दिसतं, मग दोन-तीन दिवस ते नुप्त्सेच्या भिंतीआड गडप होतं. गंमत म्हणजे बेस कॅम्पवरूनही माथा दिसतच नाही. त्यानंतर काला पत्थरवर तो काळा त्रिकोण दिसला की कुणी सांगावं लागत नाही. हे पायी चालण्याने घडत नाही, चार-सहा दिवस त्या खोऱ्यात राहण्याने घडतं. घोड्यावर बसून गेलेल्यालाही हे मिळतं.

समर्थकांचा पहिला युक्तिवाद इथेच येतो, आणि आपल्याकडच्या माणसाला तो चटकन पटतो. ‘रायगडाला १९९६ पासून रोपवे आहे, तो चालतो तर हे का नको?’ रोपवे चालतोच, चालायलाच हवा. चौदाशेच्या वर पायऱ्या चढणं न झेपणाऱ्या किती आज्या त्या पाळण्यातून वर जाऊन समाधीपुढे डोकं टेकवून आल्या. पण पाळणा वर सोडतो आणि मोकळा होतो. तुम्ही होळीच्या माळावर उभे राहा, बाजारपेठेतून हिंडा, टकमक टोकावर वारा खा, संध्याकाळच्या पाळण्याने या. रोपवेने कष्ट वाचवले आणि वेळ तुमच्या हाती दिला. हेलिकॉप्टर नेमकं उलट करतं. पोचवण्याचे सगळे कष्ट घेतं आणि पोचल्यावरचा वेळ कापून टाकतं. दोन्ही यंत्रं, दोन्ही पैसे मोजून. पण तुलना तेवढ्यावरच संपते.

‘मग दहा मिनिटांऐवजी दोन तास द्या’ असं कुणी म्हणेल. देता येत नाहीत, आणि सगळ्या वादाचं मर्म मला इथे दिसतं. साडेपाच हजार मीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्यावर आलेला असतो. श्वासागणिक मिळणारा प्राणवायूही त्याच हिशेबाने निम्मा. शरीर याला सरावतं, पण सावकाश. तीन हजार मीटरच्या वर रोजच्या मुक्कामाची उंची पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये आणि तीन-चार दिवसांनी एक दिवस थांबावं, हा डॉक्टरांचा नेहमीचा सल्ला त्यासाठीच. हेलिकॉप्टरचा प्रवासी १,४०० मीटरवरच्या काठमांडूतून काही तासांत तिथे जाऊन उभा राहतो. उंचीचा आजार सहसा काही तासांनी डोकं वर काढतो, म्हणून बहुतेक जण तो यायच्या आत खाली आलेले असतात. दहा मिनिटं ही कंपनीची कंजुषी नव्हे, ती या सहलीची अटच आहे. जास्त थांबलात तर आजारी पडाल. स्यांगबोचेच्या त्या हॉटेलाने हे पन्नास वर्षांपूर्वीच अनुभवलं. सत्तरच्या दशकात पाहुण्यांना छोट्या विमानाने थेट जवळच्या धावपट्टीवर उतरवायचं, असा मूळ बेत होता. पाहुणे आले आणि त्यांची डोकी धरली. मग खोल्यांत प्राणवायूची सोय ठेवावी लागली.

आता दुसरा युक्तिवाद ऐका: ही सहल ज्येष्ठांसाठी, हृदयरोग्यांसाठी, दम लागणाऱ्यांसाठी आहे, ज्यांना चालणं शक्य नाही, त्यांनी एव्हरेस्ट पाहूच नये का? ऐकायला करुणेचा, पण आत उलटा. हृदय आणि फुप्फुसं ज्यांची नाजूक, त्यांनाच तर सरावाशिवाय साडेपाच हजार मीटरवर नेऊ नये. आणि जाहिरातींतले चेहरे बघा. तिथे आजी-आजोबा क्वचितच दिसतात. दिसतात ते तिशी-पस्तिशीतले, गॉगल लावलेले, हात पसरलेले. त्यांना अडचण गुडघ्यांची नसते, रजेची असते. रजा नसणं हे खरंखुरं कारण आहे, मी त्याची टिंगल करणार नाही. फक्त ते आजोबांच्या काठीआड लपवू नये.

तिसरा युक्तिवाद जरा हुशार आहे. ट्रेकर बारा-चौदा दिवस राहतो, बाटल्या टाकतो, गरम पाणी मागतो, संडास भरतो. हेलिकॉप्टरवाला काहीच मागे ठेवत नाही. ट्रेकरांच्या कचऱ्याची बाजू घेण्यात अर्थ नाही. लोबुचे-गोरक्षेपच्या आसपास जे साठतं ते लाजिरवाणं आहे, आणि ते निस्तरायला सागरमाथा प्रदूषण नियंत्रण समिती १९९१ पासून खपते आहे. पण हेलिकॉप्टर तासाला दीडशे लिटरच्या वर इंधन जाळतं, आणि फेऱ्या धरून या सहलीत ते काही तास हवेत असतं. पाच जणांत तो हिशेब करा. कचरा उचलता येतो, त्याच्यावर दंड लावता येतो. धुराचं काय करणार?

आवाजाचं तर त्याहून कठीण. एव्हरेस्टखालचं खुंबू हे अरुंद खोरं आहे, दोन्हीकडे भिंती. हेलिकॉप्टर नजरेच्या टप्प्यात येण्याआधी पाच मिनिटं ऐकू येतं आणि गेल्यावरही घुमत राहतं. हवा दुपारी बिघडते, म्हणून सगळी उड्डाणं सकाळी, एकामागून एक. फेरिचेला दगडी गडग्यांवर याकच्या शेणाच्या गोवऱ्या वाळत घातलेल्या असतात, चुलीसाठी. हेलिकॉप्टर खाली आलं की त्या उडतात. घरातली बाई बाहेर येते, वेचते, पुन्हा थापून ठेवते. तिने कुणाकडे तक्रार केल्याचं मी पाहिलं नाही. वाटेवर झोप्क्योंचा, म्हणजे ओझी वाहणाऱ्या याक-गायीच्या संकरांचा तांडा असला आणि डोक्यावरून पातं गेलं की जनावरं बिथरतात, आणि त्या वाटेच्या एका बाजूला बहुधा दरी असते. हे खोरं १९७६ पासून राष्ट्रीय उद्यान आहे आणि १९७९ पासून जागतिक वारसा. कस्तुरीमृग, हिमालयन थार आणि डांफे पक्षी हे तिथले मूळ रहिवासी; त्यांना कान झाकायची सोय नाही.

चौथा युक्तिवाद पैशाचा: लाख रुपये देणारा पर्यटक स्थानिकांना जगवतो. कोणाला? ट्रेकरचे पैसे फाकदिंग, नामचे, तेंगबोचे, दिंगबोचे, लोबुचे असे गावोगाव सांडत जातात. कुठे दालभाताचे, कुठे खोलीचे, कुठे फोन चार्ज करण्याचे. भारवाहकाची मजुरी वेगळी. सहलीचे पैसे इंधन, कंपनी आणि एका नाश्त्यात संपतात. हे मी पुण्यात बसून सांगतो म्हणून खोटं वाटेल, तर तिथल्यांनीच काय केलं ते पाहा. १ जानेवारी २०२५ पासून उद्यानाने व्यावसायिक हेलिकॉप्टर उड्डाणांवर बंदी जाहीर केली, आणि खोऱ्यातल्या तरुणांनी उतरण्याच्या जागांवर झेंडे रोवले, कुणी उतरू नये म्हणून. कंपन्यांनी ओरड केली, उड्डाणं थांबवली. पुढे बोलणी झाली आणि ती पुन्हा सुरू झाली. प्रकरण एकरंगी नाही. हेलिकॉप्टरच्या धंद्यात शेर्पांचंही भांडवल आहे. पण झेंडे लावायला ज्यांची पोरं थंडीत उभी राहिली, त्यांच्या नावाने सहलीचं समर्थन करणं म्हणजे चोराच्या उलट्या बोंबा.

सुरक्षिततेबद्दल थोडक्यात. ११ जुलै २०२३ रोजी सहल करून काठमांडूला परतणारं हेलिकॉप्टर लामजुरा खिंडीजवळ कोसळलं. पाच मेक्सिकन पर्यटक आणि वैमानिक, सगळे गेले. त्यानंतर पावसाळ्यापुरत्या अशा सहली थांबवल्या गेल्या. १५ जून २०२५ रोजी केदारनाथहून परतणारं हेलिकॉप्टर गौरीकुंडजवळ पडलं, त्यात महाराष्ट्रातलं एक कुटुंब होतं. चालणारेही दरडीखाली आणि उंचीच्या आजाराने मरतात, म्हणून हा मुद्दा मी ताणणार नाही.

मग हेलिकॉप्टर हवं कशाला? हवंच. फेरिचेला हिमालयन रेस्क्यू असोसिएशनचा दवाखाना १९७३ पासून आहे. मेंदूत पाणी झालेल्या माणसाला तिथून तासाभरात खाली नेणारं यंत्र हे त्या खोऱ्यावरचे उपकार आहेत. अडलेली बाळंतीण, कोसळलेला भारवाहक, हिमनदीवर पाय मोडलेला गिर्यारोहक, यांच्यासाठी प्रत्येक फेरी मान्य. त्याच मोजक्या जागांवर, त्याच सकाळच्या स्वच्छ तासांत फोटोसाठीच्या फेऱ्यांनी रांग लावावी, याला माझा विरोध आहे. उद्यानाच्या हद्दीत रुग्ण, स्थानिक माणसं आणि गरजेचा माल यांच्याखेरीज कुणासाठी हेलिकॉप्टर उतरू नये. विमा कंपनीला फसवून खाली येणाऱ्या ट्रेकरसाठीही नाही.

वय झालेल्यांचं, रजा नसलेल्यांचं काय, हा प्रश्न उरतो, आणि त्याला उत्तर आहे. विमानाने लुक्ला. पहिल्या दिवशी फाकदिंगपर्यंत, बहुतेक उतारच. दुसऱ्या दिवशी मोंजो. तिसऱ्या दिवशी नामचेची चढण, सावकाश. हवा तर घोडा मिळतो. नामचे ३,४४० मीटरवर आहे, तिथे दोन रात्री राहा. उद्यानाच्या माहिती केंद्राजवळच्या टेकाडावर सकाळी जाऊन बसा. अमा दब्लम, ल्होत्से आणि त्यामागे एव्हरेस्ट, हवा तेवढा वेळ. शनिवारचा बाजार गाठा, खाली या. आठवड्याची रजा पुरते आणि खर्च सहलीपेक्षा कमीच होतो. चालणं अजिबातच होत नसेल तर काठमांडूहून सकाळचं पंखांचं विमान आहे. तासाभरात पर्वतरांगेच्या कडेने नेऊन आणतं, खोऱ्यात शिरत नाही, कुणाच्या गोवऱ्या उडवत नाही, आणि प्रत्येकाला खिडकी देतं. सत्तरीच्या माणसाला शिखर दाखवायचा याहून सोपा आणि स्वस्त मार्ग मला ठाऊक नाही.

यातलं काहीच नको, काला पत्थरच हवा आणि आजच हवा, असं म्हणणाऱ्याला अजून तरी कायदा अडवत नाही. त्याने तिकीट काढावं. फक्त ते आईवडिलांच्या गुडघ्यांच्या नावावर काढू नये.