सोन्याचा इतिहास आणि कथलाच्या गळसऱ्या

दर ३ मेला एक कहाणी ऐकावी लागते. दादासाहेब फाळक्यांना 'राजा हरिश्चंद्र' काढायचा होता, पैसा नव्हता, तेव्हा सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने उतरवून दिले. १९१३ साली गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये तो मुका सिनेमा लागला. खरंय. बाईने वर सगळ्या मंडळींना रांधूनही घातलं. तिला माझा जयभीम. माझं भांडण त्या दागिन्यांच्या खुळात अडकलेल्या इतिहासाशी आहे.

या सिनेमाचं बाहेरचं शूटिंग आमच्या मुरबाडपासून फार लांब नसलेल्या वांगणीत झालं. तलवारी घेतलेली मंडळी बघून गावाला वाटलं, दरोडेखोर आले! (गाव अगदीच चुकलं नव्हतं म्हणा.)

आणि गोष्ट काय? राजा राज्य देतो, दक्षिणेपायी बायको-पोर विकतो, शेवटी डोंबाचा चाकर होऊन मसणवटा राखतो, मढ्यावरचं कापड मागतो. पब्लिक ढसाढसा रडतं. अरे, मढ्यावरचं कापड तर महारकीचा 'हक्क' होता! शहापूर-मुरबाडच्या गावोगाव आमच्या बापजाद्यांनी पिढ्यान्पिढ्या तेच उचललं. तेव्हा कोण रडलं? देव पावतो, राजाला राज्य परत मिळतं. डोंब तिथंच, मसणात. परीक्षा राजाच्या सत्वाची, डोंब नुसता परीक्षेचा पेपर.

आता दुसरे दागिने बघा. आमच्या आज्यांच्या गळ्यात गळसऱ्यांचे पदर, हातापायांत कथलाचे जाडजूड गोट-वाळे. हौस म्हणता? लांबून जात ओळखू यावी, ही त्याची सोय. डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी बायांना सांगितलं, ही खूण टाका, लुगडं पायापर्यंत नेसा.

माझी आजी मुरबाडकडची. तिने गळसरी उतरवली तेव्हा गावात कुजबुज झाली, महारीण बघा बामणीण झाली! म्हातारी उत्तर द्यायला थांबली नाही. घोळदार लुगडं नेसून भर बाजारातून गेली.

२००९ साली 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' निघाला. चांगला आहे, बघा. पण कथील उतरवणाऱ्या बायांचं एक तरी रीळ कुणी काढलं? सोनं गहाण पडलं की इतिहास होतो, आणि आमचं कथील भंगारात?

तेव्हा शहापूर-मुरबाडच्या पोरांनो, घरी जा. जुन्या ट्रंका उघडा. तळाशी एखादी गळसरी सापडेल. ती कुणाची, कुठल्या साली, कुणाच्या नाकावर टिच्चून उतरवली, म्हाताऱ्यांना विचारा आणि पुढच्या अंकाला लिहून पाठवा. शुद्धलेखनाची फिकीर करू नका.